इंडोनेशियाचे व्हिडिओ: शोधायचे कसे, पाहायचे कसे

यूट्यूबवर नुसतं 'इंडोनेशिया' टाकलं की समोर येतं बाली. भातखाचरं, झोके, समुद्रकिनारा आणि त्यात फिरणारे परदेशी लोक. खुद्द इंडोनेशियातली माणसं संध्याकाळी फोनवर जे पाहत बसतात, त्यातलं यात जवळपास काहीच नसतं. तिथला व्हिडिओ आला तो लग्नाच्या मांडवातून, कोळ्यांच्या जत्रेतून आणि रात्रभर चालणाऱ्या बाहुल्यांच्या खेळातून. फोन नंतर आला. म्हणून शोधही गावाच्या, वाद्यवृंदाच्या आणि बोलीच्या नावाने घ्यायचा.

आधी खातं वेगळं करा

रोजच्या खात्यावरून सुरुवात केली तर शिफारशींची खिचडी होते. नवं खातं उघडा. यूट्यूबच्या सेटिंगमध्ये 'स्थान' इंडोनेशिया ठेवा. ॲपची भाषा मराठी किंवा इंग्रजीच राहू द्या, नाहीतर परतीची वाट सापडत नाही. स्थान बदलल्याने कुलूपबंद व्हिडिओ उघडत नाहीत, ही गल्लत बऱ्याच जणांची होते. ते कुलूप तुमच्या जोडणीच्या पत्त्यावर असतं, सेटिंगवर नाही. पहिल्या दोन-तीन दिवसांत पंधरा-वीस व्हिडिओ शेवटपर्यंत पाहा. अर्ध्यात सोडलेल्या व्हिडिओंवरून शिफारशींना तुमची आवड नीट कळत नाही.

टाइप करायचं रोमन लिपीत, पण इंग्रजी सवयीने नव्हे. 'च'साठी नुसता 'सी', त्यापुढे 'एच' नको. 'चिंता' हा शब्द असा लिहा आणि त्याचा अर्थ 'प्रेम' हे लक्षात ठेवा. संस्कृतातून तिकडे गेला आणि काळजीचा जिव्हाळा झाला. 'ञ'साठी 'एन' आणि 'वाय'. 'उ'साठी 'यू', पण जुन्या माणसांच्या नावांत तोच उच्चार 'ओ-ई' असा लिहिलेला दिसेल. १९४७ मध्ये हे शुद्धलेखन बदललं, नावं मात्र अनेकांनी तशीच ठेवली. एक स्पेलिंग चाललं नाही तर दुसरं टाकून पाहा.

आकडे वाचताना जपून. 'आर-बी' म्हणजे रिबू, हजार. 'जे-टी' म्हणजे जुता, दहा लाख. तिकडे स्वल्पविराम दशांशाचा आणि टिंब हजारांचं: '१,५ जे-टी' म्हणजे पंधरा लाख, तर '१.५००' म्हणजे फक्त दीड हजार. आपला 'लक्ष' तिकडेही पोचलाय, पण 'लाक्सा' म्हणजे दहा हजार. वाटेत एक शून्य गळालं.

शोधपट्टीत कामाला येणारे शब्द थोडेच: लुचू (विनोदी), फिल्म पेंदेक (लघुपट), लेंगकाप (संपूर्ण), सेमालम सुंतुक (रात्रभर). 'तेरबारू' म्हणजे 'सर्वात नवं', पण त्यावर विश्वास नको. पाच वर्षांपूर्वीच्या व्हिडिओच्या नावातही तो शब्द तसाच बसलेला असतो. नवं हवं असेल तर तारखेची चाळणी लावा.

भारतातून काय उघडत नाही

टिकटॉक भारतात जून २०२० पासून बंद आहे. त्याच वर्षी नोव्हेंबरात ४३ ॲपची आणखी एक यादी आली, तिच्यात छोट्या व्हिडिओंचं स्नॅक व्हिडिओ आणि मालिकांचं वीटीव्ही ही दोन्ही होती. इंडोनेशियात ही तिन्ही जोरात चालतात. म्हणजे भारतात बसून पाहणाऱ्याला छोट्या व्हिडिओंचा मोठा हिस्सा दुसऱ्या हातानेच मिळतो: इन्स्टाग्राम रील्सवर किंवा यूट्यूब शॉर्ट्सवर कुणीतरी पुन्हा चढवलेला. अशा नकलांचं चित्र उलटं केलेलं असतं, वेग किंचित वाढवलेला असतो, आवाज चिरका लागतो. मूळ माणूस शोधायचा तर चित्रावर उड्या मारणारं खात्याचं नाव थांबवून वाचा आणि तेच नाव इन्स्टाग्रामवर शोधा. बहुतेकांनी दोन्हीकडे एकच नाव घेतलेलं असतं. आखातात किंवा सिंगापुरात राहणाऱ्या मराठी मंडळींना ही कसरत नको.

विदिओ हे तिकडचं घरचं व्यासपीठ आहे, एससीटीव्ही आणि इंडोसियार या वाहिन्यांच्या समूहाचं. त्यावरच्या बऱ्याच मालिका बाहेरच्या देशांतून उघडत नाहीत. पैसे भरण्याआधी पहिला भाग चालतो का ते तपासा.

कुलपं इंडोनेशियातही लागतात. नेटफ्लिक्स २०१६ च्या जानेवारीत आलं आणि त्याच महिन्यात सरकारी टेलकॉम समूहाने आपल्या जाळ्यावर ते बंद केलं, ते २०२० च्या जुलैपर्यंत. टिकटॉकवर २०१८ च्या जुलैत काही दिवस बंदी होती. मोठी व्यासपीठं अशी अडखळत असताना मोकळं मैदान मिळालं यूट्यूबला.

पहिल्या संध्याकाळसाठी तीन थांबे

आजचं काहीही पाहण्याआधी हे तीन ओळीने पाहा. तासाभराचं काम आहे.

पहिला थांबा २००३ चा, म्हणजे यूट्यूबच्याही आधीचा. पूर्व जावातल्या पासुरुआनची इनुल दाराटिस्टा गावोगावच्या मांडवांत दांगदुत, म्हणजे तिकडची ठेक्यावरची लोकप्रिय गाणी, गात नाचायची. तिच्या कंबरेच्या फिरकीला लोकांनी 'न्गेबोर' म्हटलं, म्हणजे गिरमिट फिरवणं. कुणीतरी चित्रण करायचं, त्याच्या चोरट्या व्हीसीडी बाजारात निघायच्या आणि त्या देशभर फिरल्या. टीव्हीवाल्यांना ती नंतर सापडली. दांगदुतचे राजे रोमा इरामा भडकले, वाद पेटला, प्रसिद्धी आणखी वाढली. मांडवातलं चित्रण, हातोहात नकला, मग टीव्ही, मग वाद: पुढच्या वीस वर्षांचा साचा इथेच तयार झाला.

दुसरा, २०१०. बांडुंगच्या सिंता आणि जोजो या दोन विद्यार्थिनी लॅपटॉपसमोर बसल्या आणि 'केओंग राचून' या दुसऱ्याच गायिकेच्या गाण्यावर नुसते ओठ हलवले. पुढची दहा वर्षं जगभर जे चाललं त्याची तिकडची पहिली ठळक आवृत्ती ही.

तिसरा थांबा आपल्या ओळखीचा. एप्रिल २०११, सुलावेसी बेटावरचं गोरोन्तालो, पहाऱ्यावर बसलेला गणवेशातला पोलीस नॉर्मन कामारू आणि गाणं 'छैंया छैंया'. आधी खात्याने कारवाईची भाषा केली, मग लोकांचं प्रेम पाहून त्यालाच मिरवलं, आणि वर्ष संपता संपता ड्युटी सोडून गेल्याबद्दल काढून टाकलं. हिंदी गाणं तिथे परकं वाटत नाही, कारण दांगदुतच्या चालींत पन्नास-साठच्या दशकातलं हिंदी चित्रपट संगीत मुरलेलं आहे. 'दांग' आणि 'दुत' हे तबल्याचे बोल. २०१४ मध्ये 'महाभारत' मालिका तिकडच्या एएनटीव्हीवर लागली आणि अर्जुनाचं काम करणारा शाहीर शेख तिथला स्टार झाला, त्यामागेही हाच जुना शेजार आहे.

कोपलोच्या व्हिडिओचं नाव कसं वाचायचं

कोपलो म्हणजे पूर्व जावात नव्वदच्या दशकात घडलेला दांगदुतचा वेगवान अवतार. ढोलकी पुढे, बाकी सगळं मागे. यूट्यूबवर याचा डोंगर आहे आणि नवखा माणूस तिथेच हरवतो, कारण एकच गाणं पन्नास गायिकांनी गायलेलं असतं.

व्हिडिओचं नाव लांबलचक असतं, पण साचा ठरलेला. सुरुवातीला गायिका, मग गाणं. मग 'ओ-एम' आणि पुढे वाद्यवृंदाचं नाव: ओ-एम म्हणजे 'ओर्केस मलायु'. मग 'लाइव्ह' आणि गावाचं नाव, आणि शेवटी बहुतेक वेळा ध्वनियंत्रणा भाड्याने देणाऱ्या कंपनीचं नाव. शेवटच्या नावाकडे दुर्लक्ष करू नका, ऐकणारे त्यावरूनच निवडतात. चांगल्या चित्रणात आवाज थेट मिक्सरमधून घेतलेला असतो: गळा स्वच्छ, ढोलकीची थाप कोरडी, गर्दी लांब. कुणी फोन धरून स्पीकरसमोर उभा राहून घेतलेल्या चित्रणात मंद्र सूर फाटतात आणि शब्द बुडतात. पहिल्या वीस सेकंदांत फरक कळतो. फोनच्या स्पीकरवर ऐकू नका, ढोलकीचा खालचा अर्धा आवाज तिथे पोचतच नाही.

गावाच्या नावाने शोधणं सगळ्यात फळतं. जावाच्या उत्तर किनाऱ्याच्या पट्ट्याला 'पांतुरा' म्हणतात. जेपारा, पाती, रेम्बांग, तुबान, लामोंगान ही नावं कोपलोला जोडून टाका. लग्न, सुंता, कोळ्यांची 'सेदेका लाउत' ही समुद्रपूजेची जत्रा, असले प्रसंग निघतील. वाद्यवृंदाच्या नावाने जायचं तर सिदोआर्जोचा न्यू पल्लापा ही सोपी सुरुवात. 'चेक साउंड' हे शब्दही जोडून पाहा. कार्यक्रमाआधी वादक यंत्रणा तपासताना जे वाजवतात त्याचं चित्रण तिकडे वेगळ्या आवडीने पाहतात. गाणारं कुणी नसतं, म्हणून वादकाचे हात नीट दिसतात.

चित्रात माणसं रंगमंचावर चढून गायिकेच्या हातात नोटा ठेवताना दिसतील. याला 'सावेर' म्हणतात. आपल्या तमाशातली दौलतजादा, दुसरं काही नाही. हाच शब्द पुढे ऑनलाइन गेला: थेट प्रक्षेपणात पैसे पाठवणं म्हणजे 'सावेर', आणि त्यासाठीच्या तिकडच्या सेवेचं नावच 'सावेरिया'. याची वाईट बाजूही पाहून ठेवा. जानेवारी २०२३ मध्ये लोंबोक बेटावरच्या म्हाताऱ्या बायका टिकटॉकवर तासन्‌तास चिखलाच्या पाण्यात बसून अंगावर पाणी ओतत भेटवस्तू मागत होत्या. समाजकल्याण मंत्र्यांना त्यावर परिपत्रक काढावं लागलं.

गाण्याच्या मध्येच वादक आणि गर्दी ओरडतात, त्याला 'सेंग्गाकान' म्हणतात. शब्दकोशात अर्थ शोधत बसू नका, ते तालाचा भाग आहेत. २०१९ मध्ये 'चेंदोल दावेत' ही अशीच एक आरोळी देशभर गाजली आणि ती आहे एका सरबताचं नाव: तांदळाच्या पिठाच्या हिरव्या शेवया, नारळाचं दूध, गूळ.

त्याच वर्षी सोलो शहराचे दिदी केम्पोत, तीस वर्षं जावानीज भाषेत विरहाची गाणी गाणारे, कॉलेजच्या पोरांना नव्याने सापडले. मुलांनी स्वतःला 'सोबात आम्ब्यार' म्हणायला सुरुवात केली, म्हणजे मोडून पडलेल्यांची टोळी. मे २०२० मध्ये ते गेले. त्यांच्या २०१९ च्या मैफिलींत गायकापेक्षा गर्दीकडे पाहा: मिशा फुटलेली पोरं उघडपणे रडताहेत आणि प्रत्येक ओळ पाठ आहे. त्यांच्यामागून न्गावीचा डेन्नी चाकनान आला. त्याचं गाजलेलं पहिलं गाणं त्याच्याच गावातल्या एका चौकाच्या नावावर आहे.

उपशीर्षकं: यंत्र कुठे फसतं

इंडोनेशियन भाषेचं यंत्र-भाषांतर बरं होतं. उपशीर्षकांत 'आपोआप भाषांतर' निवडून आधी इंग्रजी लावा. मराठीही मिळते, पण वाक्यं जास्त मोडतात. अडचण वेगळीच आहे: व्हिडिओतली माणसं पुष्कळदा इंडोनेशियन बोलतच नसतात. जावानीज, सुंदानीज, बाताक, मदुरी अशा भाषा असतात, आणि यंत्र बहुतेक वेळा ते बोलणं इंडोनेशियन समजून लिहितं. मग निव्वळ बडबड उमटते. उपशीर्षकं दोन मिनिटं अगदीच असंबद्ध वाटली की बंद करा आणि चित्रावर छापलेली उपशीर्षकं आहेत का पाहा. मराठी कानाला एक खूण मदत करते: त/द आणि ट/ड असा ठसठशीत फरक ऐकू आला तर जावानीज असण्याची शक्यता बरीच. जावाबाहेरच्या इंडोनेशियन माणसालाही हे बोलणं कळत नाही, तोही खालची ओळच वाचतो.

सरावासाठी 'तिलिक' घ्या. सुमारे बत्तीस मिनिटांचा लघुपट, योग्यकर्ताच्या रावाचाना फिल्म्सचा, दिग्दर्शक वाह्यू आगुंग प्रासेत्यो. २०१८ मध्ये झाला, पण गाजला १७ ऑगस्ट २०२० ला यूट्यूबवर चढवल्यानंतर. 'तिलिक' म्हणजे आजाऱ्याला भेटायला जाणं. गावच्या सरपंचबाई शहरातल्या इस्पितळात आहेत आणि गावातल्या बायका उघड्या ट्रकच्या हौद्यात उभ्या राहून निघाल्यात. त्यात बू तेजो नावाची बाई गावातल्या एका अविवाहित मुलीबद्दल जी सुरू होते ती थांबत नाही. यू निंग तिला अडवायला बघते आणि दर वेळी हरते. 'बू' म्हणजे आई किंवा बाई, 'यू' म्हणजे ताई, हे माहीत असलं की कोण कुणाला कुठल्या पायरीवर ठेवतंय ते कळतं.

पहिल्यांदा उपशीर्षकांसह पाहा, दुसऱ्यांदा ती बंद करून. दुसऱ्या वेळी बू तेजोचा हात पाहा: बोलताना पुढे सरकवलेली बोटं, अंगठ्या, मधूनच फोन वर करून पुरावा दाखवणं. एसटीत पुढच्या सीटवर बसलेली कुणीतरी तुम्हाला हमखास आठवेल. शेवट इथे सांगत नाही.

गप्पांचे मोठे कारखाने आणि खालच्या प्रतिक्रिया

जाकार्ताच्या मोठ्या यूट्यूब वाहिन्यांचं गणित वेगळं. राफी अहमद आणि नागिता स्लाविना या तारेजोडप्याने घरचं जगणंच 'रान्स' नावाने वाहिनीवर आणलं. राफी २०२४ मध्ये राष्ट्राध्यक्षांचा विशेष दूत झाला. अट्टा हालिलिंतार हा यूट्यूबर २०१९ मध्ये एक कोटी सदस्यांवर पोचला. जुना जादूगार देद्दी कोर्बुझियेर खोली बंद करून पाहुण्यांना बोलतं करतो. हे सगळं सलग पाहायची गरज नाही. एखादा वाद पेटला की संबंधित भाग पाहा, एरवी सोडा.

वाद पेटला हे कळण्याची खूण म्हणजे 'क्लारिफिकासी' हा शब्द. नाव आणि हा शब्द एकत्र शोधलात की खुलासा सापडतो. साधा शर्ट, मेकअप नाही, एक उसासा. प्रकरण पोलीस चौकीपर्यंत गेलं असेल तर माफीपत्र वाचून दाखवतात आणि त्यावर दहा हजार रुपियाचं तिकीट लावून सही असते. त्याला 'मातेराय' म्हणतात. 'शेवटी मातेरायच' हा तिकडचा नेहमीचा टोमणा आहे. सगळ्यांचं मात्र तेवढ्यावर सुटत नाही. २०२३ मध्ये पालेम्बांगच्या न्यायालयाने एका टिकटॉकवालीला दोन वर्षांची शिक्षा दिली, कारण 'बिस्मिल्ला' म्हणून तिने डुकराचं मांस खाल्लं होतं. धर्मावरची गंमत तिकडच्या विनोदात कमी का दिसते, याचं उत्तर त्यात आहे.

प्रतिक्रियांमध्ये 'वकवकवक' दिसलं की ते हसणं. 'सेत्तिंगान' म्हणजे हे ठरवून केलेलं आहे. खोड्यांच्या व्हिडिओखाली हा शब्द वारंवार दिसला तर पुढे पाहू नका, लोकांचं नाक तीक्ष्ण आहे. 'बुचिन' म्हणजे प्रेमाचा गुलाम, 'गाबुत' म्हणजे करायला काही नसल्याने आलेला कंटाळा.

मालिका आणि सिनेमा

इथे फार वेळ घालवायला नको, कारण हे शोधायला सोपं आहे. नेटफ्लिक्सवर 'गादिस क्रेतेक' (२०२३) पाच भागांत संपते आणि मूळ नावाने शोधली तरी सापडते. एक ओघ मात्र लक्षात घ्या: फुकट वाचलेलं किंवा ऐकलेलं पुढे तिकीट काढून पाहणं. 'केकेएन दि देसा पेनारी' ही २०१९ ची ट्विटरवरची भुताची गोष्ट, २०२२ चा प्रचंड चाललेला चित्रपट. 'लायांगान पुतुस' ही फेसबुकवर लिहिलेली फसवणुकीची कहाणी, मग वीटीव्हीची मालिका. 'आगाक लाएन' हा चार विनोदवीरांचा पॉडकास्ट, २०२४ मध्ये त्याच नावाच्या चित्रपटाला नव्वद लाखांवर प्रेक्षक. चित्रपट पाहण्याआधी या चौघांच्या पॉडकास्टचे दोन भाग ऐका. सुमात्रातल्या मेदानकडचा तो बोलण्याचा ठसका कानात बसला की निम्मे विनोद आपोआप उलगडतात.

घड्याळ, आणि रात्रीचा वायांग

थेट कार्यक्रमांच्या वेळेपुढे 'डब्ल्यू-आय-बी' असेल तर ती जाकार्ताची वेळ, आपल्यापेक्षा दीड तास पुढे. बाली, सुलावेसीकडे अडीच तास. रमजानात पहाटेच्या सहूरच्या वेळचे हास्यकार्यक्रम तिकडे तीनला सुरू झाले तर आपल्याकडे रात्रीचा दीड असतो, आणि उपवास सोडण्याच्या आधीची 'न्गाबुबुरित'ची करमणूक आपल्याकडे दुपारी तीन-साडेतीनपासून.

वायांग कुलितला, म्हणजे चामडी बाहुल्यांच्या सावलीच्या खेळाला, ही वेळ अगदी सोयीची पडते. खेळ तिकडे नऊच्या सुमारास सुरू होतो, आपल्याकडे साडेसात. सहा-सात तासांचा व्हिडिओ पाहून घाबरू नका. संगीताच्या तीन पट्ट्यांवर तो विभागलेला असतो: मध्यरात्रीपर्यंत 'नेम', मग तीनपर्यंत 'सांगा', मग पहाटेपर्यंत 'मान्युरा'. पहिल्या भागात दरबार आणि लांब भाषणं, तिथेच लोक कंटाळून सोडतात. तसं करू नका, पुढे सरका. साधारण दीड-दोन तासांवर चांगिक आणि लिंबुक या मायलेकी दासी येतात आणि गाण्यांच्या फर्माइशी सुरू होतात. मध्यरात्रीच्या आसपास, म्हणजे तीन तासांवर, 'गोरोगोरो' हा विदूषकांचा भाग: सेमार, गारेंग, पेत्रुक, बागोंग. खेळाची गोष्ट बहुधा महाभारतातली, पण हे चौघे आपल्या महाभारतात नाहीत. पांडवांचे सेवक, पण देवांनाही सुनावणारे. आपलं महाभारत डोक्यात ठेवून बसलात तर आणखीही ठेचा लागतील: तिकडे द्रौपदी एकट्या युधिष्ठिराची बायको, आणि शिखंडी ही 'स्रीकांदी' नावाची धनुर्धर स्त्री, अर्जुनाची पत्नी.

योग्यकर्ताचे की सेनो नुग्रोहो यांच्या खेळांपासून सुरुवात करा. 'की' हा कलावंताचा मान, 'दालांग' म्हणजे खेळ चालवणारा. रात्रभराचे खेळ थेट यूट्यूबवर देऊन त्यांनी तरुण पोरांना वायांगकडे ओढलं, आणि त्यांचा बागोंग लोकांचा लाडका झाला. २०२० च्या टाळेबंदीत मांडव बंद पडले तेव्हा त्यांनी 'क्लिमेन' म्हणजे आटोपशीर खेळ घरून दाखवले. त्याच नोव्हेंबरात, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, ते वारले. नवख्याला हे क्लिमेनच योग्य: वादक कमी, लांबी कमी, आवाज जवळचा.

गोरोगोरो भारतीय वेळेने साडेदहाच्या सुमारास येतो. थेट खेळ असेल तर जेवून बसा, हेडफोन लावा आणि बाजूची संभाषणपट्टी उघडी ठेवा. विनोद कळला नाही तरी 'वकवकवक'चा लोंढा कधी येतो ते दिसतं. तिथे मागे जाऊन पुन्हा ऐका. पहाटे पानाच्या आकाराची मोठी बाहुली, 'कायोन', पडद्याच्या मधोमध रोवली जाते. ती रोवली की खेळ संपला. व्हिडिओ त्यापुढेही चालू राहिला तर समजा कॅमेरा बंद करायला कुणी विसरलंय.